चेहऱ्याचा मतदारसंघ

"माझ्या हातात झाडू देऊ नगंस," आई बोलली. मी दिला. हा लेख त्या एका चुकीतून निघाला आहे. लेख सिनेमावर आहे, पोर्ट्रेटवर आहे. पण समीक्षा म्हणजे लांब उभे राहून बोट दाखवणे, ही पांढरपेशांनी करून ठेवलेली व्याख्या मला जमणारी नाही. बोट आधी स्वतःच्या छातीकडे, मग दुसऱ्याकडे.

झाले असे. आमच्या जोगेश्वरी पूर्वेच्या वस्तीत भीमजयंतीला विहाराच्या भिंतीवर पांढरी चादर लावून काहीतरी दाखवतात. गेल्या जयंतीला पोरं बोलली, बाहेरचे सिनेमे किती दिवस लावायचे? आपल्याच माणसांचे चेहरे लावू. एकेकाने आपल्या घरच्या एका माणसाचे दोन-तीन मिनिटांचे चित्रण मोबाईलवर करायचे. 'पोर्ट्रेट' हा शब्द आमच्यातल्या एका कॉलेजवाल्याने आणला. मी सातवीनंतरचे सगळे स्वतःच वाचलेला माणूस. आजोबा १८ जानेवारी १९८२ च्या संपात घरी बसले ते बसलेच. त्यांच्या गिरणीच्या जागी आता टॉवर आहे. मी शहराबाहेरच्या एका लहान कापडगिरणीत रंगखात्यात पाळी करतो आणि कविता लिहितो. कवी म्हणून माझ्याकडून पोरांची अपेक्षा जास्त.

आई एका सोसायटीत जिने झाडते. मी मनाशी ठरवले : पहाटेची वेळ, जिना, खालून वर कॅमेरा, झाडूचा आवाज, धूळ, आणि वर माझ्या आवाजात माझी कविता. आई बोलली, "आरं, झाडू रोजचाच हाय. त्यो कशापायी दाखवायचा? मी निळ्या काठाचं लुगडं नेसती, बाबासायबांच्या फोटूखाली बसती. तसं काढ."

मी बोललो, "आई, तसं सगळेच काढतात. त्यात नवीन काय?"

ती गप्प झाली. झाडू घेतला. मी काढले. जयंतीला टाळ्या पडल्या. बाहेरून आलेल्या एका पाहुण्याने माझा हात बराच वेळ हातात धरून ठेवला. आई शेवटच्या रांगेत बसली होती. चादरीवर तिचा झाडू सुरू झाला तशी ती उठून घरी गेली. तिसऱ्या दिवशी भाकरी वाढताना एवढेच बोलली, "टाळ्या तुला हुत्या. मला न्हवत्या."

तेव्हापासून मी एकच प्रश्न घेऊन सिनेमे बघतो आहे. चेहरा कुणाचा हे तर पडद्यावर दिसतेच. पण तो कसा दिसावा हे ठरवण्याचे मत कुणाचे?

* * *

'मत' हा शब्द मी मुद्दाम वापरला. २७ जानेवारी १९१९ रोजी बाबासाहेबांनी साउथबरो कमिटीपुढे साक्ष दिली. तेव्हा ते सिडनहॅम कॉलेजात प्राध्यापक होते. वय २७. म्हणजे मित्रांनो, हा अंक हातात धरलेल्या तुमच्या-माझ्याच वयाचे. मताधिकार कुणाला द्यायचा हा प्रश्न होता. बाबासाहेबांनी तिथे एक फरक करून दाखवला. लोकांच्या मतांचे प्रतिनिधित्व झाले म्हणजे झाले, असे नाही. माणसांचे प्रतिनिधित्व झाले पाहिजे. आमची बाजू एखाद्या भल्या माणसाने मांडली, अगदी नीट मांडली, तरी भागत नाही. मांडण्याच्या जागी आम्ही स्वतः पाहिजे. नाहीतर एक कायमचा मांडणारा होतो आणि दुसरा कायमचा मांडला जाणारा. एक धनी होतो, एक रयत. पुढच्याच वर्षी, ३१ जानेवारी १९२० ला, 'मूकनायक' निघाले ते याच विचाराच्या पोटातून.

मग १९३२. २४ सप्टेंबरचा पुणे करार. जागा वाढल्या, स्वतंत्र मतदारसंघ गेला, संयुक्त आला. उमेदवार आपला, पण त्याला निवडून देणारी बहुसंख्य मते दुसऱ्यांची. मग निवडून कोण येणार? ज्याचा चेहरा त्यांना चालतो तो. हे आपण अभ्यासवर्गात घोकलेले आहे.

आता हाच हिशेब कॅमेऱ्याला लावा. विधिमंडळात प्रतिनिधी पाठवण्याला आणि चित्रात माणूस दाखवण्याला इंग्रजीत एकच शब्द आहे, रेप्रेझेंटेशन. पडद्यावर आलेला आपला माणूस हाही एक प्रतिनिधी असतो. हजार चेहऱ्यांतून त्याला कुणीतरी उचललेले असते. कुणी उचलले? कुणाच्या मतांवर? पडद्यावर आमचाच उमेदवार आहे, पण मतदारसंघ कुठला?

जोगेश्वरीला सिनेमा काही नवा नाही. कमाल अमरोहींचा कमालिस्तान स्टुडिओ इथलाच, आणि गोरेगावची फिल्म सिटी हाकेच्या अंतरावर. आमच्या चाळीतले एक काका अनेक वर्षे शूटिंगला गर्दीत उभे राहायला जायचे. कधी हमाल, कधी मोर्चातला मजूर, कधी झोपडपट्टीवाला. एकदा त्यांना विचारले, "काका, तुमचा क्लोजअप कुठल्या पिक्चरमध्ये?" ते हसले. बोलले, "गर्दीला क्लोजअप नसतो बाबा." धंदेवाईक सिनेमाचा हिशेब या एका वाक्यात संपतो. त्यावर पाने घालवण्यात अर्थ नाही. भांडायचे तर ज्यांनी आपल्याला क्लोजअप दिला त्यांच्याशी भांडावे. दुश्मनाशी वाद नसतो, लढाई असते. वाद मित्राशीच होतो.

* * *

असा एक मित्र म्हणजे आनंद पटवर्धन आणि त्यांचा २०११ चा 'जय भीम कॉम्रेड'. तीन तासांच्या वरचा माहितीपट. चौदा वर्षे चित्रण चालले होते. आपल्या कित्येक वस्त्यांत तो दाखवला गेला. ज्यांनी बघितला नसेल त्यांनी आधी तो बघावा, मग माझ्याशी भांडावे.

हा सिनेमा एका पोर्ट्रेटपासूनच सुरू होतो असे मी म्हणतो. ११ जुलै १९९७. घाटकोपरचे माता रमाबाई आंबेडकर नगर. सकाळी लोक उठले तर बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या गळ्यात चपलांची माळ. लोक रस्त्यावर आले, हायवे अडला. राज्य राखीव दलाने गोळ्या घातल्या. दहा माणसे मेली.

दगडा-सिमेंटच्या एका चेहऱ्यासाठी दहा माणसे. आर्ट स्कूलवाल्यांनी याच्यावर विचार करावा. चौकाचौकातले बाबासाहेबांचे पुतळे बेढब असतात, चेहरा जुळत नाही, सगळे एकसारखेच, असे नाक मुरडणारे मी ऐकले आहेत. निळा कोट, चष्मा, काखेत पुस्तक, वर केलेले बोट. अरे, पण ज्याच्या बापजाद्यांना धड कपडा घालायची बंदी होती, त्याच्या चौकात कोट घातलेला माणूस उभा आहे. ज्याच्या कानावर अक्षर पडले तर पाप होते, त्याच्या काखेत पुस्तक आहे. या पुतळ्यात नाक-डोळे जुळवायचे नसतात, हक्क जुळवायचा असतो. लोक स्वतःला जसे बघू मागतात तसा तो घडलेला आहे. वर्गणी वस्तीची, जागा वस्तीची, रूप वस्तीने ठरवलेले. हा स्वतंत्र मतदारसंघातून निवडून आलेला चेहरा आहे. म्हणूनच त्याच्या गळ्यात चपला घालाव्याशा वाटतात.

अमेरिकेत फ्रेडरिक डग्लस नावाचा गुलामीतून पळून सुटलेला काळा पुढारी होता. एकोणिसाव्या शतकात त्या देशात ज्यांचे सर्वांत जास्त फोटो निघाले त्यांत तो पहिला. प्रत्येक फोटोत चांगला कोट, करारी नजर, हसू नाही. काळ्या माणसाला दात विचकणारा विदूषक म्हणून काढायची तिकडे चाल होती. तिला तो आपल्या चेहऱ्याने उत्तर देत होता. फोटो कसा निघावा याला तो राजकारण समजत होता.

हे सगळे वाचले तेव्हा माझी आई मला कळली. निळ्या काठाचे लुगडे आणि वर बाबासाहेबांची तसबीर. मी त्याला 'सगळेच काढतात तसे' म्हणालो. ती डग्लसचेच बोलत होती आणि मी विदूषकवाल्यांचे काम करत होतो. फरक इतकाच, की माझ्या चित्रात हसू नव्हते, कारुण्य होते. कारुण्याचेही गिऱ्हाईक असते. ते जास्त पैसे देते.

* * *

रमाबाई नगरात आणखी एक गोष्ट घडली. ती कॅमेऱ्याची आहे. जमाव गॅसचे टँकर पेटवत होता, म्हणून गोळीबार करावा लागला, असा पोलिसांचा बचाव होता. त्याला आधार म्हणून व्हिडीओचे चित्रण पुढे आले. म्हणजे बघा. मेलेल्यांचा चेहरा कुठेच नाही, पण जमावाचा चेहरा तयार. आग लावणारा, धुरातला, नाव नसलेला. पटवर्धनांचे मोठे काम इथे आहे. ते या चित्रणालाच साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे करतात. टँकर कुठे होता? माणसे कुठे पडली? आधी काय झाले, नंतर काय झाले? न्यायमूर्ती गुंडेवार आयोगानेही गोळीबार समर्थनीय धरला नाही. २००९ साली सत्र न्यायालयाने गोळीबाराला जबाबदार अधिकाऱ्याला जन्मठेप दिली. पुढे उच्च न्यायालयातून तो जामिनावर सुटला.

यातून कार्यकर्त्याने शिकायचे ते हे, की व्हिडीओ खोटे बोलतो असे नाही. व्हिडीओ कुणाच्या बाजूने सुरू झाला आणि कुठे तोडला, यात त्याचे बोलणे असते. आज प्रत्येक दंगलीनंतर आपल्या मोबाईलवर एक चित्रण फिरत येते. ते पुढे ढकलण्याआधी हे प्रश्न विचारा. नाहीतर आपलाच अंगठा आपल्याविरुद्ध साक्ष देतो.

गोळीबारानंतर चार दिवसांनी, १५ जुलैला, मुलुंडला शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. घोगरे डाव्या चळवळीतला गाणारा माणूस. आपल्यातला. पटवर्धनांच्या १९८५ च्या 'हमारा शहर' या झोपडपट्ट्या तोडण्यावरच्या माहितीपटात ते गाताना दिसतात. जन्मभर लाल झेंड्याची गाणी गाणाऱ्या या माणसाने मरताना कपाळाला निळी पट्टी बांधली होती.

ही निळी पट्टी म्हणजे एका माणसाने स्वतःचे काढलेले शेवटचे पोर्ट्रेट आहे. मी कोण, हे त्याने बारा वर्षांपूर्वी कॅमेऱ्यासमोर गाऊन सांगितले होते. शेवटी कॅमेरा नव्हता तेव्हा वेगळेच सांगितले. 'जय भीम कॉम्रेड' या नावातले दोन शब्द त्या पट्टीवर येऊन एकमेकांना विचारतात, की तू माझा कोण? पटवर्धनांना आपल्या जुन्या सिनेमातला माणूस नीट दिसला नव्हता, म्हणून चौदा वर्षे पुन्हा शोधावा लागला, असे मला वाटते. हे मी दोष म्हणून सांगत नाही. चूक कळल्यावर चौदा वर्षे देणारा कलावंत मी तरी दुसरा बघितलेला नाही. गोळीबारात गेलेल्यांच्या घरी ते पुन्हा पुन्हा जातात. पुण्याच्या कबीर कला मंचाच्या पोरांपर्यंत येतात. शीतल साठेचा आवाज पडद्यावर येतो तेव्हा अंगावर काटा येतो. तो सगळ्या महाराष्ट्राने ऐकला आणि नंतर त्याच पोरांना भूमिगत व्हावे लागले. २०१३ च्या एप्रिलमध्ये शीतल आणि सचिन माळी विधान भवनाबाहेर येऊन पोलिसांच्या स्वाधीन झाले, तेव्हा लोकांना ते चेहरे ओळखीचे होते. हे ऋण मानतो. कॅमेऱ्याने दिलेल्या ओळखीचा असाही उपयोग असतो.

* * *

आता वाद.

पटवर्धनांच्या सिनेमात प्रश्न विचारणारा आवाज कॅमेऱ्यामागून येतो. उत्तर देणाऱ्याचा चेहरा दिसतो, विचारणाऱ्याचा दिसत नाही. सावंतवाडीपासून गोंदियापर्यंत आम्हा लोकांना या मांडणीची सवय आहे. खुर्चीत बसलेला विचारतो, समोर उभा असलेला सांगतो. तलाठी, मास्तर, साहेब, डॉक्टर. विचारणाऱ्याची जात कुणी विचारत नाही. सिनेमात शिवाजी पार्कच्या आसपासची मंडळी ६ डिसेंबरच्या गर्दीबद्दल नाक मुरडतात, ते ठीक, त्यांचे सोंग उघडे पडते. तिथे मागून विचारणाऱ्याला ते लोक आपला समजून बोलत असतात. माझ्या वस्तीतला पोरगा कॅमेरा घेऊन गेला असता तर ते तसे बोलले असते का? नसते बोलले. म्हणजे विचारणाऱ्याची जात ही या सिनेमातली एक मोठी किल्ली आहे, कुलूप तिनेच उघडते. पण ती आपल्याला दाखवली जात नाही. माझे म्हणणे एवढेच : ती दाखवा. त्याने सिनेमा कमी होत नाही, खरा होतो.

'हमारा शहर' मध्ये एक बाई आहे. झोपडी तुटलेली. ती कॅमेऱ्यावरच उखडते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आम्हाला काय मिळणार, असा तिचा सवाल. पटवर्धनांनी तो तुकडा कापला नाही, सिनेमात ठेवला. या प्रामाणिकपणाला माझा जयभीम. पण मित्रांनो, सवाल ठेवून घेणे म्हणजे सवालाचे उत्तर देणे नव्हे. त्या बाईचा रागही सिनेमाच्याच कामी आला. त्यामुळे सिनेमा चांगला झाला. बाईचे मत नोंदले गेले, पण मोजले गेले नाही. साउथबरोपुढचा फरक नेमका हा. तिच्या मताचे प्रतिनिधित्व झाले, तिचे झाले नाही. शेवटी काय ठेवायचे, काय कापायचे, हा हुकूम दुसऱ्याच्या हातात होता. संयुक्त मतदारसंघातला हा सगळ्यांत भला प्रतिनिधी. पण मतदारसंघ संयुक्तच.

यावर आमच्या वाचनमंडळात एक मित्र उसळून बोलला, "मग काय, जातीबाहेरच्याने आपल्यावर सिनेमाच काढू नये?" असे मी म्हटलेले नाही. जोतीबांना आपण बाहेरचे म्हणत नाही. मी मत मागतो आहे, बंदी मागत नाही.

* * *

आमच्या रंगखात्यात शेडकार्डाशिवाय पान हलत नाही. गिऱ्हाईकाकडून कापडाचा तुकडा येतो. लॅबमध्ये त्याला जुळवून नमुना काढतात. मास्तर उजेडात धरून पास करतो. मग लॉट रंगात जातो. नमुनाच चुकीचा असेल तर पुढचे हजार मीटर चुकते आणि रात्रपाळीवाल्याने कितीही जीव तोडला तरी सुधारत नाही.

फोटोच्या धंद्यातही शेडकार्ड होते हे मला अलीकडे कळले. कोडॅक कंपनी रंगीत फोटो धुणाऱ्या लॅबना नमुन्याचा फोटो पाठवायची. त्यावर एक गोरी बाई. तिच्या कातडीचा रंग बरोबर आला म्हणजे मशीन बरोबर लागले. 'शर्ली कार्ड' म्हणायचे त्याला. काळ्या माणसाचा चेहरा त्या हिशेबात डांबरासारखा यायचा, नुसते डोळे आणि दात दिसायचे. काळ्यांच्या तक्रारींनी कंपनी तेवढी हलली नाही. चॉकलेट आणि लाकडी फर्निचरवाल्या गिऱ्हाइकांनी सांगितले, की आमच्या मालाचे तपकिरी रंग नीट येत नाहीत, तेव्हा फिल्ममध्ये सुधारणा झाली. ही हकीकत वाचून मी पाळीवर एकटाच हसत होतो. माणसाच्या कातडीपेक्षा टेबलाच्या लाकडाची पत मोठी!

आणि आज? मोबाईलमध्ये चेहरा उजळ करायची सोय असते. कित्येकदा ती आपोआपच चालू असते. मी आईचे चित्रण पुन्हा काढून बघितले. आई त्यात दोन शेड उजळ आहे. मी रंगखात्यातला माणूस, डोळ्यांनी शेड ओळखतो, आणि माझ्या स्वतःच्या आईची शेड चुकली ते मला कळले नाही. म्हणजे शेडकार्ड नुसते कंपनीच्या लॅबमध्ये नसते, ते डोळ्यात बसवलेले असते. जात तशीच बसवलेली असते.

* * *

आता आपल्या लोकांनी हातात घेतलेल्या कॅमेऱ्याबद्दल.

नागराज मंजुळे यांचा २०१३ चा 'फँड्री' तुम्ही बघितलाच आहे. डुक्कर बांबूला बांधून घेऊन जाणारे कुटुंब शाळेच्या भिंतीवरून जाते. भिंतीवर बाबासाहेब, सावित्रीमाई यांची चित्रे. मागची पोर्ट्रेट आणि पुढचे माणूस यांच्यात किती अंतर पडले आहे, ते एकही शब्द न बोलता दिसते. शेवटी जब्या दगड मारतो तो सरळ बघणाऱ्याच्या तोंडावर येतो. आमच्या काकांना जो क्लोजअप मिळाला नाही तो जब्याला मिळाला, आणि त्याने तो हातात दगड घेऊन घेतला.

सोमनाथ वाघमारे यांनी २०१७ साली भीमा कोरेगाववर माहितीपट केला, आणि २०२३ साली 'चैत्यभूमी'. ६ डिसेंबरची तीच दादरची गर्दी. वर्तमानपत्रवाल्यांना ती वाहतुकीची अडचण वाटत आली. पटवर्धनांच्या सिनेमात ती नाक मुरडणाऱ्यांचे सोंग उघडे पाडण्याच्या कामी येते. वाघमाऱ्यांच्या हातात तीच गर्दी घरची होते. पुस्तकांचे स्टॉल, गाणी, लेकरे खांद्यावर घेतलेले बाप. इथे कुणाला काही सिद्ध करून दाखवायचे नाही. आपल्या माणसाने काढले की कॅमेरा कसा खाली बसतो, सतरंजीवर बसल्यासारखा, ते बघण्यासारखे आहे. माझी तक्रार असली तर अशी, की आपण आपल्या गर्दीवर इतके प्रेम करतो की तिच्यातल्या एकेका माणसाशी भांडत नाही. गर्दीतल्या बाईला विचारायला पाहिजे, की बाई, घरी तुझे मत चालते का? पण हे काम पुढचे. ते तुम्ही-आम्ही करायचे.

आणि अमोल के. पाटील. मुंबईचाच पोरगा, चाळीच्या आठवणी, शाहिरी आणि कामगार नाटकाचा वारसा घेऊन व्हिडीओ, शिल्प, प्रयोग असे सगळे करणारा. २०२२ साली जर्मनीत कासेलच्या डॉक्युमेंटा १५ या जगातल्या मोठ्या प्रदर्शनात त्याचे काम लागले. रोलर स्केट्सवरचे काळे मुखवटे, अशा अर्थाचे त्याचे नाव. विषय सफाई कामगाराचा. माझ्या आईचा झाडू आणि हा झाडू एकच. पण त्याने सफाई कामगाराला चाके लावली, गाणी लावली. कामाखाली वाकलेला माणूस तिथे रस्त्यावरून घसरत, नाचत जातो. ही कल्पना ऐकूनच मला माझ्या चित्रणाची लाज वाटली. झाडू दाखवणे हा गुन्हा नव्हता. झाडूखाली माणूस गाडणे हा गुन्हा होता.

म्हणून कुणी लगेच निकाल काढू नये, की कॅमेरा आपल्या जातवाल्याच्या हातात आला म्हणजे सुटले. माझ्या आईचे पोर्ट्रेट तिच्या पोटच्या पोराने काढले. जात एक, वस्ती एक, भाकरी एक. तरी तिचे मत मी चोरले. कारण मी तिच्याकडे बघत नव्हतो, तिच्यावर टाळ्या वाजवणाऱ्याकडे बघत होतो. माझा मतदारसंघ संयुक्त होता आणि मला ते माहीतही नव्हते. कविता करणाऱ्या आपल्या सगळ्या मित्रांना हे सांगतो. आपली आई, आपला बाप, आपली वस्ती हे आपल्या कवितेचे कच्चे सूत नव्हे. बाहेरच्याने विकले तर शोषण आणि आपण विकले तर विद्रोह, असा हिशेब चालणार नाही.

* * *

गेल्या महिन्यात सुट्टीच्या दिवशी मी आईला बोललो, "पुन्हा काढू. तू सांगशील तसं." तिने लुगडे काढले, केस विंचरले, तसबीर पुसली. मी मोबाईलमधली उजळ करायची सोय बंद केली. खिडकीचा उजेड तिच्या तोंडावर येईल अशी बसवली. ती बसली. काही बोलली नाही, सरळ बघत राहिली. दोन मिनिटांनी मी विचारले, "बस झालं?" ती बोलली, "थांब. अजून म्या बघते."

मग तिने मोबाईल मागितला. "आता तू बस." मी पाळीवरून आलेलो, हात कोपरापर्यंत निळे. मी पटकन उठलो. बोललो, "थांब, हात धुऊन येतो."

"का?" ती बोलली. "रोजचंच हाय की."

मी खाली बसलो. त्या दिवशी आम्ही दोघेही हसलो, पण मला त्यातून कळायचे ते कळले. कॅमेऱ्यासमोर बसलो की मलाही आईसारखेच मत फुटते.

तर कार्यकर्ते मित्रांनो, या जयंतीला आपल्या वस्तीत चादर लावाल तेव्हा तीन गोष्टी करा. ज्याचा चेहरा काढायचा त्याला आधी विचारा, की तुला कसे दिसायचे आहे. काढून झाल्यावर चादरीवर लावण्याआधी ते त्याला दाखवा, आणि तो बोलला 'हे काप' तर कापा. आणि काढणाऱ्याने एकदा तरी समोर येऊन बसावे, आपला चेहरा आणि आपली जागा दाखवावी. हे तीन नियम बाहेरून येणाऱ्या मोठ्या कलावंतालाही सांगा, हात जोडून नव्हे, सरळ उभे राहून.

आपला हा अंक स्टेन्सिलवर निघतो. त्यात फोटो छापायला गेले तर काळा डाग उमटतो. म्हणून आईचे पोर्ट्रेट इथे देता येत नाही. ज्याला बघायचे असेल त्याने जयंतीला जोगेश्वरीला यावे. झाडूवालेही दाखवणार आहोत, तिची परवानगी घेतली आहे. ती बोलली, "दोन्ही दावा. लोकांना फरक कळू द्या."

जयभीम.